धनुष्यबाण नसलेला मतदारसंघ

शिवसेना फुटली, राष्ट्रवादी फुटली. नाव कुणाचं, चिन्ह कुणाचं यावर आयोगापासून सर्वोच्च न्यायालयापर्यंत सुनावण्या झाल्या. या साऱ्यात मतदाराला कुणी, कधी आणि काय विचारलं? सातारा-सांगलीच्या मातीतून या प्रश्नाचा घेतलेला हा शोध.

पुण्याहून साताऱ्याकडे निघालं की सारोळ्याच्या पुढे नीरा नदी लागते. पूल ओलांडला की जिल्हा बदलतो आणि पहिलं मोठं गाव येतं ते शिरवळ. शिवरायांच्या अगदी सुरुवातीच्या लढायांमधला सुभानमंगळ किल्ला इथलाच. गेल्या काही दशकांत मात्र गावाची ओळख बदलली. औद्योगिक वसाहत आली, शेजारच्या विंग, केसुर्डी आणि खंडाळ्याच्या बाजूला कारखाने उभे राहिले, पाळीच्या वेळा सांभाळणारी भाड्याच्या खोल्यांतली तरुण वस्ती वाढली. मुंबई-पुण्याहून साताऱ्याला, कऱ्हाडला किंवा सांगलीला येणारा प्रत्येक नेता याच रस्त्यानं खंबाटकीचा घाट चढतो, आणि त्याच्या स्वागताचा जिल्ह्यातला पहिला फलक शिरवळलाच लागतो.

शिरवळ खंडाळा तालुक्यात येतं आणि खंडाळा वाई विधानसभा मतदारसंघात. वाई, खंडाळा आणि महाबळेश्वर असे तीन तालुके मिळून हा मतदारसंघ होतो. त्याच्या एका टोकाला महामार्गावरचं शिरवळ, तर दुसऱ्या टोकाला कोयनेच्या शिवसागर जलाशयाच्या काठावरचं दरे. दरे म्हणजे एकनाथ शिंदे यांचं मूळ गाव. जून २०२२ मध्ये शिवसेना ज्यांच्या नेतृत्वाखाली फुटली, ज्यांना पुढे शिवसेना हे नाव आणि धनुष्यबाण हे चिन्ह मिळालं, त्यांचं गाव आणि शिरवळ एकाच आमदाराला निवडून देतात.

आता २०२४ सालच्या दोन मतदानांकडे पाहू. मे महिन्यात लोकसभेसाठी सातारा मतदारसंघात मुख्य लढत झाली ती भाजपचे उदयनराजे भोसले आणि राष्ट्रवादी काँग्रेस (शरदचंद्र पवार) पक्षाचे शशिकांत शिंदे यांच्यात. नोव्हेंबरमध्ये विधानसभेसाठी वाईत अजित पवारांच्या राष्ट्रवादीचे मकरंद पाटील आणि शरद पवारांच्या पक्षाच्या अरुणादेवी पिसाळ समोरासमोर होत्या. दोन्ही वेळा शिरवळच्या मतदान यंत्रावर धनुष्यबाण नव्हता आणि उद्धव ठाकरेंच्या पक्षाची मशालही नव्हती. दऱ्यातही तेच. महाराष्ट्राचं राजकारण ज्या फुटीनं ढवळून काढलं, तिच्याबद्दल कौल देण्याची सोय या तीन तालुक्यांतल्या मतदाराला ना लोकसभेला मिळाली, ना विधानसभेला.

जागावाटपात असं होतंच, हे खरं. युती आणि आघाडीत प्रत्येक चिन्ह प्रत्येक ठिकाणी नसतं. पण पक्ष फुटल्यावर तो कुणाचा हे ठरवताना जे गणित मांडलं गेलं, त्यातही हा मतदार नव्हता. मला वाटतं, गेल्या काही वर्षांतल्या फोडाफोडीबद्दल सगळ्यात महत्त्वाची गोष्ट हीच आहे. कोण गद्दार आणि कोण निष्ठावंत, यावर भरपूर बोलून झालं. जो मतदार मोजलाच गेला नाही त्याच्याबद्दल बोलायचं राहून गेलं.

चाकरमान्यांनी आणलेला पक्ष

सातारा आणि सांगली हे शिवसेनेचे बालेकिल्ले कधीच नव्हते. इथं साखर कारखाना, दूध संघ, जिल्हा बँक आणि शिक्षण संस्था या चौकटीवर काँग्रेस उभी होती, आणि १९९९ नंतर त्या चौकटीचा मोठा भाग राष्ट्रवादीकडे गेला. शिवसेना इकडे आली ती मुंबई-ठाण्याच्या वाटेनं. जावळी, पाटण, महाबळेश्वरच्या डोंगरी पट्ट्यात पोटापुरती जमीन नव्हती. त्यात कोयना धरणाच्या पाण्यानं खोऱ्यातली गावं हलवली. माणसं गिरण्यांत गेली, गोदीत गेली, बाजारात पाठीवर ओझी वाहू लागली. याच पाटण तालुक्यातून गेलेल्या अण्णासाहेब पाटलांनी माथाडी कामगारांची संघटना बांधली आणि १९६९ मध्ये त्यांच्यासाठी कायदा झाला. ठाण्या-मुंबईत शाखेशी जोडलेला मुलगा जत्रेला गावी आला की शाखेचा फलकही गावात यायचा. शिंदे यांचं घरही दऱ्यातून ठाण्याला गेलेलं. त्यांचं सारं राजकारण ठाण्यात घडलं.

म्हणून इथली शिवसेना दोन थरांची राहिली. एक थर या चाकरमानी शिवसैनिकांचा. त्याच्याकडे कारखाना नाही, बँक नाही, फक्त भगवा आणि बाळासाहेबांवरची श्रद्धा. दुसरा थर आमदारकी लढवू शकणाऱ्या घराण्यांचा आणि कार्यकर्त्यांचा. त्यांना आपल्या तालुक्यात राष्ट्रवादीशी लढायला एक पक्ष हवा होता. २०१९ च्या लोकसभेला सातारा शिवसेनेकडे आला, तेव्हा उमेदवारी मिळाली अण्णासाहेबांचे चिरंजीव नरेंद्र पाटील यांना. ते हरले, पण त्यांना ४,५२,४९८ मतं मिळाली. शिरवळच्या माणसाला लोकसभेला धनुष्यबाणाचं बटण शेवटचं दाबता आलं ते तेव्हा. सहाच महिन्यांनी विधानसभेला वाईची जागा भाजपकडे होती आणि धनुष्यबाण यंत्रावरून गेला होता.

पाटण, कोरेगाव, खानापूर

२०१९ मध्ये सातारा-सांगलीतून शिवसेनेचे तीन आमदार निवडून आले. पाटणमधून शंभूराज देसाई, कोरेगावातून महेश शिंदे आणि सांगली जिल्ह्यातल्या खानापुरातून अनिल बाबर. जून २०२२ मध्ये विधान परिषदेच्या मतदानानंतरच्या रात्री एकनाथ शिंदे सुरतेला गेले, तिथून गुवाहाटी झाली आणि बघता बघता ५५ पैकी ४० आमदार त्यांच्याकडे जमले. सातारा-सांगलीचे तिन्ही आमदार त्यांत होते. दोन जिल्ह्यांतली शिवसेना विधिमंडळापुरती सगळीच्या सगळी शिंद्यांकडे गेली.

हे तिघे का गेले, हे समजून घेताना त्यांच्या तालुक्यांकडे पाहावं लागतं. देसाई हे लोकनेते बाळासाहेब देसाईंचे नातू. काँग्रेसच्या काळात राज्याचं गृहमंत्रिपद सांभाळलेलं हे घराणं. पाटणमध्ये देसाई आणि पाटणकर यांची लढत पिढ्यांची, आणि पाटणकर तेव्हा राष्ट्रवादीत. म्हणून देसाई शिवसेनेत. कोरेगावात महेश शिंदे यांनी राष्ट्रवादीचे तेव्हाचे बडे नेते शशिकांत शिंदे यांना ६,२३२ मतांनी हरवलं होतं. बाबर आधी राष्ट्रवादीचे आमदार होते आणि २०१४ मध्ये शिवसेनेत आले. त्यांचं सगळं राजकारण टेंभूच्या पाण्याभोवती फिरलं. कृष्णेचं पाणी कऱ्हाडजवळच्या टेंभूतून टप्प्याटप्प्यानं उचलून खानापूर, आटपाडीच्या दुष्काळी माळावर नेणं हे त्यांचं आयुष्यभराचं काम. जानेवारी २०२४ च्या अखेरीस त्यांचं निधन झालं. पुढे त्यांचे चिरंजीव सुहास बाबर धनुष्यबाणावरच निवडून आले.

शिवसेना, राष्ट्रवादी आणि काँग्रेस यांच्या महाविकास आघाडीच्या काळात या आमदारांची अडचण उघड होती. राज्यात राष्ट्रवादी मित्रपक्ष, तालुक्यात मात्र तीच मुख्य विरोधक. अर्थखातं राष्ट्रवादीकडे. आपल्या मतदारसंघात निधी आपल्या विरोधकांच्या हातून येतो, अशी तक्रार शिंदे गटाच्या आमदारांनी बंडानंतर जाहीरपणे केली. बाळासाहेबांचं हिंदुत्व सोडून काँग्रेस-राष्ट्रवादीबरोबर जाणं आम्हाला मान्य नव्हतं, असं शिंद्यांनी सांगितलं. त्यांच्या बाजूचा एक मुद्दा तर निर्विवाद आहे. २०१९ मध्ये मतदारानं शिवसेनेला भाजपच्या युतीत मत दिलं होतं. निकालानंतर पक्षनेतृत्वानं ती युती सोडली आणि विरोधात लढलेल्यांबरोबर सरकार केलं. त्या वेळीही मतदाराला कुणी विचारलं नव्हतं.

फुटलेल्या पक्षाची भूमिका भारतीय राजकारणाच्या मापानं मध्यापासून उजवीकडची. हिंदुत्व, भाजपशी मैत्री, आणि त्याच्या जोडीला थेट लाभाच्या योजना. लाडकी बहीण योजना शिंदे मुख्यमंत्री असतानाच आली आणि २०२४ च्या विधानसभेवर तिचा ठसा उमटला. त्या निवडणुकीत शिंद्यांच्या शिवसेनेनं ५७ जागा जिंकल्या, उद्धव ठाकरेंच्या शिवसेनेनं २०. पाटण, कोरेगाव आणि खानापूर तिन्ही ठिकाणी धनुष्यबाण निवडून आला. म्हणजे जिथं विचारलं गेलं, तिथं या दोन जिल्ह्यांतल्या मतदारानं फुटीला मान्यता दिली, असं म्हणायला जागा आहे. पण मधल्या अडीच वर्षांत सरकार बदललं, पक्षाचं नाव गेलं, चिन्ह गेलं. हे सगळं होऊन गेल्यावर मतदाराची पाळी आली.

प्रीतिसंगमावरची सकाळ

शिंद्यांच्या बंडाला दिलेलं एक कारण वर्षभरातच डळमळीत झालं. २ जुलै २०२३ रोजी अजित पवारांनी आठ सहकाऱ्यांसह त्याच सरकारात शपथ घेतली. ज्या राष्ट्रवादीमुळे आपण बाहेर पडलो असं शिवसेनेचे आमदार सांगत होते, तिचाच मोठा भाग त्यांच्या शेजारी येऊन बसला.

दुसऱ्या दिवशी गुरुपौर्णिमा होती. शरद पवार पुण्याहून रस्त्यानं कऱ्हाडला निघाले. कृष्णा-कोयनेच्या प्रीतिसंगमावर यशवंतराव चव्हाणांच्या समाधीपुढे जाऊन त्यांनी लढाई पुन्हा सुरू केली. महामार्गानं शिरवळ, खंबाटकी, सातारा करत गेलेल्या त्या प्रवासात ठिकठिकाणी कार्यकर्ते थांबले होते. पुढे मात्र ज्याच्या त्याच्या तालुक्याचा हिशेब सुरू झाला. वाईचे मकरंद पाटील अजित पवारांकडे गेले. त्यांचे वडील लक्ष्मणराव पाटील १९९९ आणि २००४ मध्ये शरद पवारांच्या पक्षाकडून साताऱ्याचे खासदार होते. सांगलीत इस्लामपूरचे जयंत पाटील थोरल्या पवारांबरोबर राहिले, आणि आर. आर. पाटलांचं तासगावचं घरही राहिलं.

वाईच्या राजकारणात भुईंजच्या किसन वीर कारखान्याला बाजूला ठेवून काहीच समजत नाही. हा कारखाना कर्जात रुतला होता. २०२२ मध्ये मकरंद पाटलांच्या पॅनेलनं तो मदन भोसले यांच्याकडून जिंकून घेतला. हजारो सभासदांची ऊसबिलं आणि कामगारांचे पगार त्यावर अवलंबून. अशा कारखान्याला कर्ज हवं तर सरकारची हमी लागते, आणि हमी हवी तर सरकारात असावं लागतं. २०२४ मध्ये राज्याच्या हमीवर राष्ट्रीय सहकार विकास निगमाचं कर्ज मिळालेल्या कारखान्यांत किसन वीर होता. तीच गोष्ट पाण्याची. नीरा-देवघरचा कालवा खंडाळ्यातून जातो आणि तो कुठवर, किती लवकर पोहोचतो याचा निर्णय मुंबईत होतो. इकडच्या माणसाचा पहिला प्रश्न म्हणूनच पक्ष कोणता हा नसतो, काम कोण करतं हा असतो. या प्रश्नात कमीपणा काही नाही. ऊस शेतात उभा असताना तत्त्वाची चर्चा लांबवणं शेतकऱ्याला परवडत नाही.

पण इथेच एक धोका आहे. कारखान्याची हमी, कालव्याचा टप्पा, रस्त्याचा निधी हे सगळं सत्तेत असलेल्या आमदारालाच मिळणार असेल, तर विरोधात निवडून आलेल्या प्रत्येक आमदारावर फुटण्याचा दबाव राहणार. मतदारानं विरोधी पक्ष निवडला तर त्याची शिक्षा तालुक्याला मिळणार. लोकशाहीत निधी माणसांच्या गरजेनुसार जायला हवा. तो आमदाराच्या बाकानुसार जातो, ही फुटीची मुळातली जमीन आहे. ती तशीच राहिली तर कायदा कितीही कडक केला तरी फूट होत राहणार.

मोजणी कशाची झाली?

आता त्या गणिताकडे वळू. पक्षात फूट पडली आणि दोघांनीही तोच पक्ष असल्याचा दावा केला, तर निवडणूक आयोग १९६८ च्या चिन्ह आदेशातल्या परिच्छेद १५ नुसार निर्णय देतो. याला न्यायालयाचा आधार मिळाला तो १९६९ च्या काँग्रेस फुटीतून. निजलिंगप्पा, कामराज, मोरारजी यांची जुनी फळी एका बाजूला आणि इंदिरा गांधी दुसऱ्या बाजूला. सर्वोच्च न्यायालयानं १९७१ च्या सादिक अली खटल्यात बहुमताची कसोटी मान्य केली. त्या वेळी संसदेतले आणि विधानसभांतले सदस्य मोजले गेले, आणि अखिल भारतीय काँग्रेस समितीचे सदस्यही मोजले गेले. संघटनेतलं बहुमत आणि विधिमंडळातलं बहुमत, असे दोन्ही पाय त्या कसोटीला होते.

१७ फेब्रुवारी २०२३ रोजी आयोगानं शिवसेनेचा निकाल दिला तेव्हा यातला एक पाय निकामी झालेला होता. पक्षाची २०१८ ची घटना आयोगाच्या नोंदीवर नव्हती आणि ती लोकशाहीला धरून नाही, असं आयोगानं म्हटलं. पदाधिकारी वरून नेमले जात असतील तर त्यांचं बहुमत मोजून काय उपयोग, असा त्यामागचा तर्क. मग उरली विधिमंडळातली संख्या. त्या संख्येला आधार म्हणून आयोगानं मतांचे आकडे मांडले. २०१९ मध्ये शिवसेनेच्या विजयी ५५ आमदारांना मिळून ४७,८२,४४० मतं मिळाली होती. त्यातली ३६,५७,३२७ शिंद्यांबरोबरच्या ४० आमदारांची, म्हणजे सुमारे ७६ टक्के. उरलेल्या १५ आमदारांची ११,२५,११३.

आता याच्या शेजारी तिसरा आकडा ठेवा. त्या निवडणुकीत शिवसेनेला राज्यभर एकूण ९०,४९,७८९ मतं पडली होती. म्हणजे आणखी जवळजवळ ४२ लाख ६७ हजार मतदारांनी धनुष्यबाणाला मत दिलं, पण त्यांच्यापैकी जवळपास सगळ्यांचा उमेदवार हरला. ही मतं कुणाच्याच बाजूला जमा होत नाहीत. शिवसेनेच्या विधानसभेतल्या एकूण मतदारांपैकी सुमारे ४७ टक्के माणसं पक्ष कुणाचा हे ठरवताना कोणत्याच पारड्यात नव्हती. शिवाय ज्या आमदाराला मत दिलं, तो फुटल्यावर ते मतही त्याच्याबरोबर गेलं, हे गृहीत धरलेलं. पाटणमध्ये धनुष्यबाणाला मत देणारा शिवसैनिक शिंद्यांकडे गेला की ठाकऱ्यांकडे राहिला, हे त्याला विचारल्याशिवाय कसं कळणार?

शिरवळच्या शिवसैनिकाचं तर याहून वेगळं. विधानसभेला त्याच्यासमोर शिवसेनेचा उमेदवारच नव्हता. लोकसभेला होता, पण हरला. विजयी उमेदवारांच्या मतांत त्याचं मत कुठंच नाही. वर्षानुवर्षं शाखा चालवलेला, वर्गणी गोळा केलेला, मोर्चाला गेलेला माणूस पक्षाच्या मालकीच्या हिशेबात शून्य ठरला. आणि निवडणूक लढवून पक्ष सोडणाऱ्या आमदाराची एक सही हजारो मतांच्या वजनाची ठरली.

राष्ट्रवादीच्या बाबतीतही कसोटी तीच लागली. ६ फेब्रुवारी २०२४ च्या निकालात आयोगानं खासदार-आमदारांची प्रतिज्ञापत्रं मोजली. ८१ पैकी ५७ अजित पवारांच्या बाजूनं, २८ शरद पवारांच्या बाजूनं. सहा जणांनी दोन्हीकडे प्रतिज्ञापत्रं दिली होती. पक्ष आणि घड्याळ अजित पवारांकडे गेलं.

याची किंमत साताऱ्यात मतमोजणीच्या दिवशी दिसली. शरद पवारांच्या पक्षाला तुतारी वाजवणारा माणूस हे नवं चिन्ह मिळालं होतं. त्याच यंत्रावर एका अपक्षाचं चिन्ह होतं नुसती तुतारी, जिला गावागावांत पिपाणी म्हणतात. त्या अपक्षाला ३७,०६२ मतं पडली, आणि शशिकांत शिंदे हरले ३२,७७१ मतांनी. ही सगळी मतं चुकून गेली असं छातीठोकपणे म्हणता येणार नाही. पण चिन्ह बदललं की मतदाराची फसगत होऊ शकते, हे मात्र त्यातून स्पष्ट दिसतं. म्हणूनच चिन्ह कुणाला द्यायचं हा निर्णय कागदोपत्री कारकुनी मानता येत नाही.

आधीचे फुटणारे

फूट ही महाराष्ट्राला नवी नाही आणि प्रत्येक फूट वाईट असते असंही नाही. शिरवळला पशुवैद्यकीय महाविद्यालय आहे, त्याला क्रांतिसिंह नाना पाटलांचं नाव आहे. सांगली जिल्ह्यातल्या येडेमच्छिंद्रच्या या माणसानं १९४३ पासून साताऱ्यात प्रतिसरकार चालवलं. स्वातंत्र्यानंतर काँग्रेस शेतकऱ्याची राहिली नाही असं वाटल्यावर ते शेतकरी कामगार पक्षात गेले, पुढे कम्युनिस्ट पक्षात. १९५७ मध्ये साताऱ्यानं त्यांना लोकसभेत पाठवलं. केशवराव जेधे आणि शंकरराव मोरे यांनी शेकाप काढला तेव्हा नवं नाव घेतलं, नवा झेंडा घेतला आणि लोकांपुढे गेले. १९९९ मध्ये शरद पवारांनी राष्ट्रवादी काढली तेव्हाही तसंच. १० जूनला पक्ष स्थापन झाला, काही महिन्यांत निवडणूक झाली आणि नव्या घड्याळाला ५८ आमदार मिळाले. शिवसेनेतून बाहेर पडलेल्या राज ठाकरे यांनी २००६ मध्ये महाराष्ट्र नवनिर्माण सेना काढली आणि २००९ मध्ये १३ आमदार निवडून आणले. त्यांनी धनुष्यबाण मागितला नाही. पूर्वी भांडण झालं की धाकटा वेगळी चूल मांडायचा. आता तो थोरल्यालाच घराबाहेर काढून दारावरची पाटी मागतो.

याला अपवाद होते, आणि सांगलीकरांना त्यातला मोठा अपवाद कधी विसरता आला नाही. जुलै १९७८ मध्ये शरद पवार आमदारांचा गट घेऊन बाहेर पडले आणि वसंतदादा पाटलांचं सरकार पडलं. १८ जुलैला पवार पुरोगामी लोकशाही दलाच्या, म्हणजे पुलोदच्या, सरकारचे मुख्यमंत्री झाले. त्यांनी तेव्हा मतदाराला विचारलं नव्हतं, आणि तेव्हा पक्षांतरबंदी कायदाही नव्हता. तो आला १९८५ मध्ये. त्यात एक तृतीयांश सदस्यांच्या फुटीला मुभा होती. डिसेंबर १९९१ मध्ये छगन भुजबळ शिवसेनेतून फुटले ते याच तरतुदीच्या आधारानं. पुढे २००३ च्या घटनादुरुस्तीनं एक तृतीयांशाची वाट बंद झाली. दोन तृतीयांश सदस्यांच्या विलीनीकरणाची तेवढी राहिली. विलीन व्हायचं तर दुसऱ्या पक्षाचं नाव घ्यावं लागतं. त्यापेक्षा आम्हीच मूळ पक्ष, असा दावा सोयीचा ठरला. एक दार बंद झाल्यावर दुसरं असं उघडलं गेलं.

जगातल्या इतर संसदीय लोकशाह्यांतही उजव्या बाजूचे पक्ष फुटले आहेत. इस्रायलमध्ये पंतप्रधान आरियल शॅरॉन नोव्हेंबर २००५ मध्ये लिकुड सोडून बाहेर पडले. ते पंतप्रधान होते, त्यांच्याबरोबर मंत्री होते, तरी त्यांनी कादिमा हा नवा पक्ष काढला. मार्च २००६ च्या निवडणुकीत कादिमाला १२० पैकी २९ जागा मिळाल्या, लिकुडला १२. इटलीत २०१३ मध्ये बर्लुस्कोनींपासून अँजेलिनो अल्फानो आणि इतर मंत्री वेगळे झाले, तेव्हा त्यांनी आपल्या पक्षाला सरळ ‘नवा मध्य-उजवा’ असंच नाव दिलं. त्यांचा पक्ष फार टिकला नाही. पण बाहेर पडणाऱ्यानं नवं नाव घ्यायचं आणि ते लोकांना पटवायचं, एवढी रीत दोन्हीकडे पाळली गेली.

साताऱ्यानं दाखवलेली वाट

आपल्याकडे हे जमणार नाही असं कुणी म्हणेल, तर उत्तर साताऱ्यातच आहे. मे २०१९ मध्ये उदयनराजे भोसले राष्ट्रवादीकडून खासदार झाले. सप्टेंबरमध्ये ते भाजपमध्ये गेले. त्यांनी खासदारकीचा राजीनामा दिला आणि पोटनिवडणुकीला सामोरे गेले. मतदानाच्या तीन दिवस आधी, १८ ऑक्टोबरला, शरद पवारांनी साताऱ्यात भर पावसात भाषण केलं. आधी उमेदवार निवडण्यात आपली चूक झाली, अशी कबुली त्यांनी त्या सभेत दिली. सातारकरांनी राष्ट्रवादीच्या श्रीनिवास पाटलांना ८७,७१७ मतांनी निवडून दिलं. छत्रपतींच्या गादीचा वारसही या मतदारानं पक्ष बदलल्यावर नाकारला. पाच वर्षांनी त्याच मतदारानं त्याच उदयनराजेंना भाजपच्या चिन्हावर निवडून दिलं.

दोन्ही निकालांबद्दल कुणाला काहीही वाटो, दोन्ही वेळा प्रश्न मतदारापुढे गेला होता. राजीनामा देणं, पुन्हा उभं राहणं, हरणं, आणि पुढच्या वेळी पुन्हा पटवणं ही लोकशाहीची सरळ रीत. सांगलीनंही २०२४ मध्ये हेच वेगळ्या प्रकारे दाखवलं. आघाडीच्या जागावाटपात सांगली उद्धव ठाकरेंच्या शिवसेनेकडे गेली, तेव्हा वसंतदादांचे नातू विशाल पाटील अपक्ष उभे राहिले आणि भाजपच्या संजयकाका पाटलांना एक लाखाहून अधिक मतांनी हरवून गेले. पक्षाचं चिन्ह हातात नसतानाही लोकांपुढे जाता येतं, हे त्या निकालानं सांगितलं. ज्याच्यामागे लोक आहेत त्याला नव्या नावाची भीती वाटायचं कारण नाही.

करण्यासारख्या तीन गोष्टी

पहिली गोष्ट चिन्हाची. ऑक्टोबर २०२२ मध्ये अंधेरी पोटनिवडणुकीच्या वेळी आयोगानं धनुष्यबाण गोठवला होता आणि दोन्ही गटांना तात्पुरती नावं, तात्पुरती चिन्हं दिली होती. ठाकरेंना मशाल, शिंद्यांना ढाल-तलवार. हाच मार्ग पुढच्या सार्वत्रिक निवडणुकीपर्यंत सक्तीचा करावा. दोघांनी नव्या नावानं लढावं, लोकांनी ठरवावं, आणि मग जुनं नाव कुणाचं याचा विचार व्हावा.

दुसरी गोष्ट आमदारकीची. सर्वोच्च न्यायालयानं ११ मे २०२३ च्या निकालात स्पष्ट केलं की प्रतोद नेमण्याचा अधिकार राजकीय पक्षाचा आहे, विधिमंडळ पक्षाचा नाही. तत्त्व योग्य होतं. पण अपात्रतेचा निर्णय विधानसभा अध्यक्षांकडेच राहिला, आणि तो आला जानेवारी २०२४ मध्ये, बंडानंतर दीड वर्षानं. अध्यक्ष हे सत्तारूढ बाजूचेच असतात. हा निर्णय एखाद्या स्वतंत्र न्यायाधिकरणाकडे द्यावा, त्याला मुदत घालून द्यावी, आणि पक्ष सोडणाऱ्या सदस्यानं राजीनामा देऊन पोटनिवडणूक लढवावी, ही अट दोन तृतीयांशांनाही लावावी.

तिसरी गोष्ट सगळ्यात अवघड, कारण ती पक्षांच्या आतली आहे. लोकप्रतिनिधित्व कायद्याच्या कलम २९-अ खाली पक्षांची नोंदणी होते. पण एकदा झालेली नोंदणी काही मोजके अपवाद वगळता रद्द करण्याचा अधिकार आयोगाला नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं २००२ मध्ये सांगितलं. परिणामी पक्षांची सभासद-यादी हा कार्यकर्त्याला फसवणारा कागद झाला आहे. शिवसेनेची यादी विश्वासार्ह असती, शाखाप्रमुखापासून पक्षप्रमुखापर्यंत खरी निवडणूक झाली असती, तर २०२३ मध्ये आयोगाला आमदार मोजत बसावं लागलं नसतं. उद्धव ठाकरेंचं नुकसान ज्या त्रुटीनं झालं, ती त्यांच्याच पक्षात अनेक वर्षं होती. आणि आज पक्ष ज्यांच्या ताब्यात आहे त्यांनी ती दूर केली नाही, तर उद्या त्यांनाही हेच भोगावं लागेल. हा धोका सगळ्याच पक्षांना आहे.

विधानसभेच्या २०२४ च्या निकालात साताऱ्याच्या आठही जागा महायुतीला गेल्या आणि जिल्ह्याला चार मंत्री मिळाले: शंभूराज देसाई, शिवेंद्रसिंहराजे भोसले, जयकुमार गोरे आणि मकरंद पाटील. त्यांच्यापैकी दोघे दोन फुटींतून आलेले. त्यांना लोकांनी निवडून दिलं आहे आणि त्यांचा अधिकार पूर्ण वैध आहे. म्हणूनच त्यांच्याकडे आणि त्यांच्या विरोधकांकडेही एक मागणी करण्याचा हक्क मतदाराला आहे.

वाचकहो, तुमच्या दारात पुढच्या वेळी कुठल्याही पक्षाचा कार्यकर्ता सभासद-नोंदणीची पावती घेऊन आला, तर त्याला तीन प्रश्न विचारा. माझं नाव कुठल्या यादीत जाणार? पक्षाचा अध्यक्ष निवडताना मला मत असेल का? आणि तुमचा आमदार उद्या दुसरीकडे गेला, तर जाण्याआधी तो राजीनामा देऊन मला विचारेल का? या तिन्ही प्रश्नांची उत्तरं लेखी मागा. ती मिळत नसतील तर पावती फाडू नका, परत करा. पक्ष हा सभासदांचा असतो, हे कायद्यात लिहून घ्यायचं असेल तर आधी सभासदांनी ते मागितलं पाहिजे.